मास्टर ऑफ ओरायन २ : पहिल्या शंभर टर्नमध्ये डाव कसा बांधायचा आणि मग तो कसा जिंकायचा

‘मास्टर ऑफ ओरायन २’ हा अंतराळात साम्राज्य उभारण्याचा, टर्न म्हणजे पाळीपाळीने खेळायचा संगणकीय खेळ. तो खेळणाऱ्यांचा डाव बहुतेक वेळा एकाच पद्धतीने बुडतो. शंभरेक टर्न सगळं सुरळीत चाललेलं वाटतं. मग शेजारी मोठ्या क्रूझर जहाजांचा ताफा घेऊन दारात उभा राहतो आणि आपल्याकडे असतात चार फ्रिगेट, म्हणजे सर्वांत लहान लढाऊ जहाजं. दोष लढाईतल्या चुकीला दिला जातो, पण खरी चूक ऐंशी टर्न आधीच होऊन गेलेली असते. या खेळात काय बांधलं यापेक्षा कशाच्या आधी काय बांधलं, याला जास्त वजन आहे. म्हणून पुढच्या पायऱ्या दिलेल्या क्रमानेच घ्या. सगळे आकडे १.३१ या आवृत्तीचे आहेत.

१. डाव मांडताना

शिकत असाल तर मध्यम आकाराची दीर्घिका, चार-पाच प्रतिस्पर्धी, ‘ॲव्हरेज’ काठिण्य आणि ‘ॲव्हरेज’ सुरुवात निवडा. ‘प्री-वॉर्प’ सुरुवातीत जहाजंच नसतात, ‘ॲडव्हान्स्ड’मध्ये अर्धी पायाभरणी खेळ स्वतःच करून देतो. दोन्हींत क्रम हाताशी बसत नाही. अंटारन या दुसऱ्या मितीतून येणाऱ्या शत्रूच्या हल्ल्यांचा पर्याय पहिल्या दोन-तीन डावांत बंद ठेवा.

वंश तयार मिळतात तसे स्वतःही बनवता येतात. १० गुण हातात असतात आणि उणिवा स्वीकारून आणखी १० मिळवता येतात. इथे लोक हमखास चुकतात. लढाईचे गुण विकत घ्यायचे आणि त्यासाठी उत्पादन किंवा लोकसंख्यावाढ कमी करायची, हा उलटा सौदा आहे. शिकणाऱ्यासाठी पुढची मांडणी चांगली चालते:

- युनिफिकेशन सरकार : ६
- सबटेरेनियन (जमिनीखाली राहणारा वंश, ग्रहावर जास्त माणसं मावतात) : ६
- उत्पादन +१ : ३
- मोठा मूळ ग्रह : १

बेरीज १६ होते. जास्तीच्या ६ गुणांसाठी जहाजांचा हल्ला −२०, जहाजांचा बचाव −२० आणि जमिनीवरची लढाई −१० या तीन उणिवा घ्या. प्रत्येकीचे २ गुण मिळतात. युनिफिकेशनमुळे अन्न आणि उत्पादन ५० टक्क्यांनी वाढतं आणि मनोबलाची भानगडच उरत नाही. हल्ल्याची उणीव सुरुवातीला जाणवत नाही, कारण आपलं पहिलं आरमार क्षेपणास्त्रांचं असणार आहे आणि क्षेपणास्त्रं त्या आकड्यावर अवलंबून नसतात. जमिनीवरची उणीव मात्र खरी आहे. तिची भरपाई जास्त सैनिक पाठवूनच होते.

तयार वंशच हवा असेल तर सायलॉन घ्या. ते क्रिएटिव्ह आहेत, म्हणजे प्रत्येक पायरीवरचं सगळं तंत्रज्ञान त्यांना मिळतं. क्लॅकन उत्पादनात जोरदार आहेत, पण अनक्रिएटिव्ह असल्यामुळे तंत्रज्ञान खेळच निवडून देतो. नवख्याला ते जड जातं.

> सावधान : ‘रिपल्सिव्ह’ ही उणीव एकदम ६ गुण देते म्हणून अनेकजण डोळे झाकून घेतात. मग करार, व्यापार, मैत्री सगळं बंद होतं आणि दीर्घिकेचा नेता निवडणाऱ्या कौन्सिलमध्ये मतं मागायलाही जागा राहत नाही. पहिल्या डावांत तिच्या वाटेला जाऊ नका.

२. टर्न १ ते २५ : माणसं कुठे बसवायची

सुरुवातीला मूळ ग्रहावर ८ एकक लोकसंख्या, दोन स्काउट (टेहळणी जहाजं) आणि एक वसाहतजहाज मिळतं. स्काउट वेगवेगळ्या दिशांना सोडा. वसाहतजहाज लगेच हलवू नका.

आता मूळ ग्रहाचं गणित. सोपं पडावं म्हणून कसलेही जादा गुण नसलेला वंश आणि मध्यम आकाराचा ग्रह धरू. एक शेतकरी २ अन्न पिकवतो आणि एक माणूस १ अन्न खातो, म्हणजे आठांपैकी चौघं शेतावर जातात. (युनिफिकेशनमध्ये तिघांत भागतं.) उरलेल्या चौघांना कामगार केलं तर प्रत्येकी ३ या हिशेबाने उत्पादन १२ येतं. पण ग्रहाच्या आकारानुसार प्रदूषणाची एक सहनमर्यादा असते. लहान ग्रहाला ४, मध्यमला ६, मोठ्याला ८. त्यापलीकडच्या उत्पादनातलं निम्मं साफसफाईत जातं. म्हणजे १२ मधले ६ पूर्ण मिळतात, वरच्या ६ मधले ३ जातात आणि हातात उरतात ९. पहिले दोन कामगार प्रत्येकी ३ देतात, तिसरा आणि चौथा फक्त दीड-दीड. तोच माणूस शास्त्रज्ञ केला तर पूर्ण ३ संशोधन देतो, कारण संशोधनावर प्रदूषणाची कात्री नाही.

म्हणून सुरुवात अशी करा:

१. शेतावर लागतील तेवढेच ठेवून बाकी सगळे शास्त्रज्ञ करा.

२. पहिलं संशोधन ॲडव्हान्स्ड इंजिनिअरिंग (कंसातला आकडा लागणाऱ्या संशोधनाचा : ८०), त्यातून रीइन्फोर्स्ड हल (जहाजाचा मजबूत सांगाडा) घ्या. ही पायरी मुख्यतः पुढच्या पायरीसाठी आहे.

३. लगेच ॲडव्हान्स्ड कन्स्ट्रक्शन (१५०), त्यातून ऑटोमेटेड फॅक्टरी घ्या. चार शास्त्रज्ञांचं १२ संशोधन धरलं तर दोन्ही मिळून वीसेक टर्न लागतात. ठरलेला आकडा गाठल्यावर शोध लगेच लागतो असं नाही, तिथून शक्यता टक्क्यांनी वाढत जाते. दोन-तीन टर्न जास्त धरा.

४. शोध लागताच शास्त्रज्ञ उचलून कामगार करा आणि फॅक्टरी बांधा. किंमत ६० उत्पादन.

५. फॅक्टरी उभी राहिली की माणसं परत संशोधनाकडे वळवा आणि ऑप्ट्रॉनिक्स (१५०) सुरू करा. त्यातून रिसर्च लॅब घ्यायची. तीही ६० मध्ये होते आणि प्रत्येक शास्त्रज्ञामागे १ व वर सरसकट ५ संशोधन देते.

ऑटोमेटेड फॅक्टरी प्रत्येक कामगारामागे १ आणि वर सरसकट ५ देते. आपल्या चार कामगारांचं १२ चं उत्पादन २१ होतं, प्रदूषण वजा जाता ९ चं साडेतेरा. ६० ची गुंतवणूक तेरा-चौदा टर्नमध्ये वसूल.

याउलट बहुतेक नवखे पहिल्याच टर्नला वसाहतजहाज बांधायला लावतात. त्याची किंमत ५०० आहे. टर्नला ९ या वेगाने ते पन्नासहून अधिक टर्न घेतं आणि तेवढा काळ ग्रह दुसरं काहीच करत नाही. डाव इथेच जातो.

> तपासणी, टर्न २५ (तारीख ३५०२.५ च्या आसपास) : फॅक्टरीचा शोध लागलेला, ती बांधून झालेली किंवा होत आलेली. हातातलं वसाहतजहाज कुठेतरी उतरलेलं. यातलं काहीच नसेल तर डाव पुन्हा मांडलेला बरा. खेळ प्रत्येक टर्नला दहाव्या जागेत आपोआप सेव्ह करतो, पण त्या एकाच प्रतीवर विसंबू नका. दर २५ टर्नला वेगळ्या जागेत स्वतः सेव्ह करा.

३. पहिल्या वसाहती

हातातलं वसाहतजहाज उतरवताना ग्रह एकटा बघू नका, ताऱ्याभोवतीचं सगळं घर बघा. तीन ग्रह असलेल्या ताऱ्यावरचा साधा ग्रह हा एकुलत्या चांगल्या ग्रहापेक्षा बरा, कारण एकदा तिथे वसाहत झाली की बाकीच्या ग्रहांवर कॉलनी बेसने जाता येतं. कॉलनी बेस २०० ला पडतो, पण तो त्याच ताऱ्याच्या घरात चालतो. मूळ ताऱ्याभोवती दुसरा ग्रह असेल तर तिथेही कॉलनी बेसच. वसाहतजहाज घरातल्या घरात खर्चू नका.

खनिजांचे आकडे पाठ असू द्या. एका कामगारामागे अल्ट्रा पुअर १, पुअर २, अबंडंट ३, रिच ५, अल्ट्रा रिच ८. रिच ग्रह नापीक असला तरी घ्या, अन्न बाहेरून आणता येतं. गुरुत्वाकर्षण मात्र बघा. सर्वसामान्य वंशाला हलक्या गुरुत्वाच्या ग्रहावर २५ टक्के आणि जड गुरुत्वाच्या ग्रहावर ५० टक्के घट बसते.

नवी वसाहत एका माणसाने सुरू होते आणि रखडते. तिला मूळ ग्रहावरून माणसं पाठवणं हा या खेळातला सर्वांत कमी वापरला जाणारा उपाय आहे. लोकसंख्या सगळ्यांत वेगाने वाढते ती ग्रहाच्या क्षमतेच्या निम्म्याच्या आसपास. काठोकाठ भरलेला मूळ ग्रह जवळपास वाढतच नाही. म्हणून:

१. ५० मध्ये पाच फ्रेटर (मालवाहू जहाजं) बांधा. एक माणूस हलवायला पाच फ्रेटर लागतात.

२. मूळ ग्रह क्षमतेच्या तीन चतुर्थांशावर आला की दर काही टर्नला एकेक माणूस नव्या वसाहतीकडे रवाना करा.

३. वसाहतीत सगळ्यांना कामगार करून बांधणीला ‘हाउसिंग’ लावा, म्हणजे उत्पादन लोकसंख्या वाढवण्यात लागतं. तीन-चार माणसं झाली की ऑटोमेटेड फॅक्टरी.

४. अन्नाच्या वाहतुकीसाठीही फ्रेटर लागतात, एका अन्नाला एक. सगळे फ्रेटर माणसांच्या स्थलांतरात अडकले आणि नापीक वसाहत उपाशी मरायला लागली, हे फार वेळा होतं. पहिल्या पाचांनंतर लगेच दुसरे पाच घ्या.

लघुग्रह आणि वायूचे महाकाय ग्रह यांवर आउटपोस्ट, म्हणजे माणसांशिवायचं ठाणं, टाका. किंमत १००. त्याने जहाजांचा पल्ला वाढतो आणि शेजाऱ्याआधी जागा अडवली जाते. साध्या ग्रहावर आउटपोस्ट टाकलं तरी तिथे फ्रेटरने माणसं नेता येत नाहीत, त्यासाठी कॉलनी बेस किंवा वसाहतजहाज लागतं, हे आधीच लक्षात घ्या.

> सावधान : स्काउट पाहून आल्याशिवाय वसाहतजहाज किंवा आउटपोस्टजहाज कुठेही पाठवू नका. चांगल्या ताऱ्यांवर राक्षस पहारा देत असतात आणि निःशस्त्र जहाज तिथे पोहोचताच संपतं.

४. तंत्रज्ञान : प्रत्येक पायरीवर काय उचलायचं

क्रिएटिव्ह नसलेल्या वंशाला प्रत्येक पायरीवर एकच गोष्ट मिळते, बाकीच्या हातच्या जातात. मग त्या फक्त देवाणघेवाण, हेरगिरी किंवा लुटीतून येतात. लॅबनंतर हा क्रम ठेवा:

- ॲस्ट्रो बायॉलॉजी (८०) : बायोस्फिअर. कमाल लोकसंख्या २ ने वाढते. अन्नाची सतत ओढाताण असणाऱ्या वंशाने मात्र हायड्रोपोनिक फार्म घ्यावा.
- कॅप्सूल कन्स्ट्रक्शन (२५०) : बॅटल पॉड्स. जहाजातली जागा निम्म्याने वाढते. पुढच्या प्रत्येक जहाजात हे लागणार आहे.
- ॲस्ट्रो इंजिनिअरिंग (४००) : स्पेसपोर्ट. वसाहतीचं उत्पन्न ५० टक्क्यांनी वाढतं.
- रोबोटिक्स (६५०) : रोबो मायनिंग प्लांट. प्रत्येक कामगारामागे २ आणि सरसकट १०. त्याच पायरीवरच्या बॅटलस्टेशनचा (कक्षेतल्या मोठ्या लढाऊ तळाचा) मोह टाळा.
- पॉझिट्रॉनिक्स (९००), वाटेत आर्टिफिशियल इंटेलिजन्स (४००) : प्लॅनेटरी सुपरकॉम्प्युटर, संशोधन वाढवणारी इमारत.
- ॲडव्हान्स्ड केमिस्ट्री (६५०) : इथे कोंडी आहे. एका बाजूला मर्क्युलाइट क्षेपणास्त्र, दुसऱ्या बाजूला पोल्युशन प्रोसेसर. शेजारी जवळ आणि भांडखोर असेल तर क्षेपणास्त्र, एरवी प्रोसेसर. रोबो मायनिंग आल्यानंतर प्रदूषणात किती उत्पादन जातं ते वसाहतीच्या पडद्यावर एकदा बघा, म्हणजे निवड सोपी होईल.

> तपासणी, टर्न ६० (३५०६.०) : मूळ ग्रहावर फॅक्टरी आणि लॅब, किमान तीन वसाहती, दोन-तीन आउटपोस्ट, दहा फ्रेटर. लढाऊ जहाजं जवळपास शून्य असली तरी चालेल. मूळ ग्रहाचा स्टार बेस, म्हणजे कक्षेतला लढाऊ तळ, राखणीला आहे.

५. पैसा आणि कमांड पॉइंट

तिजोरी रिकामी होण्याची कारणं दोन. पहिलं म्हणजे चार माणसांच्या वसाहतीत मिळेल ती इमारत बांधणं. प्रत्येक इमारतीला दर टर्नला देखभाल लागते. दोनच शास्त्रज्ञ असलेल्या ठिकाणी सुपरकॉम्प्युटर घाईने उभारण्यात अर्थ नाही, आधी माणसं वाढवा. दुसरं कारण कमांड पॉइंट, म्हणजे किती जहाजं सांभाळता येतात त्याची मर्यादा. फ्रिगेटला १, डिस्ट्रॉयरला २, क्रूझरला ३, बॅटलशिपला ४, टायटनला ५, डूम स्टारला ६ असे ते खर्च होतात. वसाहतजहाज, आउटपोस्टजहाज आणि सैनिकवाहू जहाज यांनाही प्रत्येकी १ लागतो. मर्यादा ओलांडली की प्रत्येक जादा पॉइंटमागे दर टर्नला १० बीसी (खेळातलं चलन) दंड. ताफा वाढवण्याआधी पुढच्या फळीतल्या वसाहतींवर स्टार बेस (४००) बांधा, त्याने पॉइंटही वाढतात आणि सीमाही राखली जाते.

पैसे देऊन काम पुरं करायचं असेल तर थांबा. काम सुरू व्हायच्या आधी विकत घेतलं तर उत्पादनाच्या प्रत्येक एककाला ४ बीसी पडतात. निम्मं काम झाल्यावर २. निम्म्यापर्यंत चालू द्या, मग विकत घ्या.

६. आरमार : थोडं, पण एकाच साच्याचं

हलचा, म्हणजे जहाजाच्या सांगाड्याचा, आकार हे आरमाराचं पहिलं गणित. फ्रिगेटमध्ये २५ जागा, डिस्ट्रॉयरमध्ये ६०, क्रूझरमध्ये १२०, बॅटलशिपमध्ये २५०, टायटनमध्ये ५००, डूम स्टारमध्ये १२००. एका कमांड पॉइंटमागे किती जागा मिळते ते काढा : फ्रिगेट २५, डिस्ट्रॉयर ३०, क्रूझर ४०, बॅटलशिप ६० च्या वर. छोट्या जहाजांचा थवा म्हणजे पॉइंटची उधळपट्टी. बांधता येईल त्या सर्वांत मोठ्या हलचीच जहाजं करा.

पहिला साचा, क्षेपणास्त्रांचा : क्रूझर, बॅटल पॉड्स, रीइन्फोर्स्ड हल आणि उरलेली सगळी जागा दोन-दोन गोळ्यांच्या क्षेपणास्त्र-नळ्यांना. पाच किंवा दहा गोळ्यांच्या नळ्या घेऊ नका, त्या जागा खातात आणि एवढी लांब लढाई होतच नाही. पहिल्या दोन फेऱ्यांत सगळा मारा संपवायचा. रसायनशास्त्रात पुढे जाल तशी जुनी क्षेपणास्त्रं लहान आणि स्वस्त होत जातात आणि एमआयआरव्ही हा बदल खुला होतो. मग एकाच क्षेपणास्त्रातून चार स्फोटकं निघतात. ८ नुकसानीचं जुनं न्यूक्लिअर क्षेपणास्त्र त्यानंतर पुन्हा धारदार होतं. नवं शस्त्र आलं म्हणून जुनं लगेच टाकून देऊ नका, आधी डिझाइनच्या पडद्यावर दोन्ही मांडून बघा.

दुसरा साचा, तोफांचा, मधल्या टप्प्यानंतर : बॅटलशिप, हाती असलेला सर्वांत चांगला संगणक आणि बॅटल स्कॅनर. ऑप्ट्रॉनिक संगणक नेमबाजीत +५० देतो, पॉझिट्रॉनिक +७५, बॅटल स्कॅनर आणखी +५०. हल्ल्याची −२० ची उणीव इथे भरून निघते. संगणक न वाढवता तोफाच वाढवत गेलात तर निम्मे नेम चुकणार.

> सावधान : लढाई ‘ऑटो’वर सोडू नका. आपोआप खेळणारा सेनापती क्षेपणास्त्रं चुकीच्या लक्ष्यांवर उधळतो. पहिला मारा शत्रूच्या सर्वांत मोठ्या जहाजावर एकवटा. ते पडल्याशिवाय दुसऱ्याकडे वळू नका.

७. स्वारी

बळकट शेजारी सोडा, जवळचा बघा. क्रम पुढीलप्रमाणे.

१. आधी हेर किंवा स्काउटकडून कक्षेत काय आहे ते बघा : स्टार बेस, बॅटलस्टेशन, की फोर्ट्रेस.

२. लढाऊ ताफा एकटा जाईल. कक्षेतला तळ आणि जमिनीवरची क्षेपणास्त्र-ठाणी पाडेल.

३. सैनिकवाहू जहाजं एक टर्न मागे ठेवा. एकत्र पाठवली तर लढाईत तीच आधी मरतात. प्रत्येक जहाजात ४ तुकड्या असतात आणि उतरल्यावर जहाज संपतं.

४. ग्रहावरच्या सैनिकांच्या किमान दीडपट तुकड्या उतरवा. जमिनीवरची −१० उणीव घेतली असेल तर दुप्पट.

५. ग्रह हाती येताच तिथे काय चालू आहे ते बघून बांधणीची रांग बदला.

शत्रूच्या ताऱ्यावर जहाजं नुसती उभी राहिली तरी नाकेबंदी होते आणि बाहेरून येणारं अन्न थांबतं. नापीक वसाहतींविरुद्ध हे बॉम्बपेक्षा स्वस्त आहे.

जिंकलेली परकी प्रजा लगेच आपली होत नाही. युनिफिकेशनमध्ये एका माणसाला सामावायला २० टर्न लागतात, लोकशाहीत ४. ग्रह एकामागून एक जिंकणार असाल तर एलियन मॅनेजमेंट सेंटर (परकी प्रजा लवकर सामावून घेणारी इमारत) घ्या, नाहीतर बंडं निस्तरण्यात ताफा अडकून पडेल. शत्रूचं जहाज फोडण्याऐवजी चढाई करून पकडता आलं तर ते आपल्या वसाहतीवर आणून मोडीत काढा. आपल्याकडे नसलेलं तंत्रज्ञान हाती येऊ शकतं, आणि चौथ्या टप्प्यात सोडून दिलेल्या गोष्टी परत मिळवायची ही सर्वांत चांगली वाट आहे.

> तपासणी, टर्न १०० (३५१०.०) : सहा ते आठ वसाहती, रोबोटिक्स झालेलं, एकाच साच्याचा चार-पाच क्रूझरांचा ताफा, कमांड पॉइंट तुटीत नाहीत. इथवर आलात तर पुढच्या टप्प्यात एखादा शेजारी संपवता येतो.

८. विजयाची वाट निवडणं

वाटा तीन : सगळ्यांना संपवणं, कौन्सिलची निवडणूक, किंवा अंटारनांच्या घरात जाऊन त्यांना हरवणं.

कौन्सिलमध्ये मतं लोकसंख्येवर ठरतात आणि निवडून यायला दोन तृतीयांश लागतात. म्हणून आधी स्वतःची मतं एक तृतीयांशाच्या वर न्या. तेवढं झालं की दुसरा कुणी निवडूनच येऊ शकत नाही. मग एखाद्या मोठ्या शेजाऱ्याशी व्यापार आणि संशोधनाचे करार करून त्याची मतं मिळवा, आणि जो नेहमी विरोधात मत देतो त्याचे दाट वस्तीचे ग्रह आधी जिंका. त्याची मतं कमी होतात तेवढीच आपली वाढतात. निवडणुकीच्या ऐन टर्नला कुणाशी युद्ध उकरू नका.

ओरायन ताऱ्याची राखण करणारं प्रचंड जहाज, गार्डियन, याला हरवणं हा विजय नव्हे, पण तिथला ग्रह आणि डेथ रे किंवा झेंट्रोनियम कवच यांसारखी एरवी न मिळणारी तंत्रं डाव फिरवतात. क्रूझर घेऊन त्याच्याकडे जाऊ नका. तोफांच्या साच्याच्या अनेक बॅटलशिप किंवा टायटन हाताशी आल्यावरच जा, आणि हरलात तरी सीमा उघडी पडणार नाही एवढी जहाजं घरी ठेवा.

अंटारनांच्या वाटेसाठी त्यांच्या मितीत नेणारं दार, डायमेन्शनल पोर्टल, लागतं. ते फिजिक्समधल्या मल्टी-डायमेन्शनल पायरीवर मिळतं आणि त्याच पायरीवर डिसरप्टर कॅनन ही तोफ आहे. क्रिएटिव्ह नसाल तर दोन्हींपैकी एकच मिळेल. या वाटेने जायचं ठरलं असेल तर तिथे तोफेकडे बघू नका. पोर्टल एखाद्या वसाहतीवर बांधावं लागतं आणि ताफा त्याच ताऱ्यावर जमवावा लागतो. तेव्हा पोर्टल सीमेवर नको, मूळ ग्रहाजवळच बांधा.